पांढरं लागाच्या आधी

परवा आई मोरीवरचा माळा आवरून राह्यली होती अन् मी खाली उभा राहून डबे झेलत होतो. वरून एक पत्रा सरकत आला अन् सरळ माह्या पायावर. मी बोंब मारली, ते बी आमच्या हेडसरच्या आवाजात. माहं असंच हाय, मले ठेच बी दुसऱ्याच्या आवाजात लागते. आई वरून म्हणाली, "काय हेडसर, पाय हाय का गेला?" मी पुढचं बोलणार होतो. पण पत्रा हातात घेतला अन् माह्यातले सगळे हेडसर, कंडक्टर, भाजीवाले एकदमच गप झाले.

तेलाच्या पिप्याचा पत्रा. वीतभर. एका अंगानं खिळ्यानं ठोकलेली बारीक भोकं, दुसऱ्या अंगानं त्या भोकाईचे काटे. मागून लाकडाची पट्टी ठोकलेली. मी नाक लावलं. गंजाचा वास आला, धुळीचा आला, झुरळाचा बी आला. संत्र्याचा आला नाही. पुन्हा लावलं, इतक्या जोरानं की नाकाले काटा टोचला. तरी नाही आला.

तसाच घेऊन बाबाईपाशी गेलो. बाबा खिडकीजवळ खुर्चीत बसले होते, मागच्या पोळ्यापासून बसून हायेत तसे. उजवा हात मांडीवर, कोणी तिथी ठेवून विसरून गेल्यासारखा. त्याहीनं पत्र्याकडे पाह्यलं. माह्याकडे पाह्यलं. पुन्हा पत्र्याकडे. अन् खिडकीतून बाहेर.

सहा महिने झाले, बाबा एक शब्द बोलले नाहीत.

हा पत्रा बाबाईनं मारेगावले केलता. आर्णीले बदली व्हाच्या आधी आम्ही तिथी भाड्याच्या दोन खोल्यात राहत होतो. बाबा तहसीलमधी कारकून. दारात एक बाभूळ होती. थंडीत रस्त्यानं कापसाच्या गाड्या जात अन् बाभळीच्या काट्याईले कापूस अडकून राहे. मी तो वेचून त्याच्या मिशा करो अन् तहसीलदार होऊन आईले दाखले मागो. हिवाळा सरत आला की बाजारात मृगाच्या बहाराचा संत्रा येत होता. अन् ते बाबा, जे हप्ताभर घरात पाण्याचा गिलास बी हातानं भरून घेत नसत, ते रविवारी सकाळी बनियनवर स्वयंपाकघरात उभे. आईले बाहेर काढत. "आज तू पाहुणी. बस तिकडं." आई म्हणे, "पाहुणीले भांडे घासा लागते का नंतर?" बाबा म्हणत, "ते पाहू."

त्याहीले एकच गोष्ट येत होती. संत्र्याची साल किसून टाकलेला शिरा.

पण त्या एका गोष्टीचा थाट असा की लग्न लावून राह्यले. शनिवारी संध्याकाळी बाजारात जाऊन एकेका संत्र्याले नखानं ओरखडा देत अन् नाकाशी धरत. विकणारी बाई म्हणे, "साहेब, घेसान का नुसते हुंगसान?" बाबा म्हणत, "हुंगून घेतो." आपल्याकडचा संत्रा अंगानं सैल, साल आतून सुटलेली. किसाले गेलं की सरकते, सुरकुते, फाटते. म्हणून बाबा ते संत्रे ओल्या फडक्यात गुंडाळून माठावर ठेवत. सकाळपर्यंत थंडीनं ते अंग आवळून घेत. मी उठलो की आधी माठापाशी जाऊन बोटानं दाबून पाहो. टणक. जसं परीक्षेच्या दिवशी माहं पोट.

घरात किसणी होती, पण ती खोबऱ्याची. तिचे दात मोठे. तिनं किसलं की वरच्या रंगासंगं खालचं पांढरं बी येते. म्हणून हा पत्रा. बाबा पाटावर बसत, पत्रा परातीत उभा धरत, अन् मले पुढ्यात घेत. माह्या मुठीवर त्याहीची मूठ, मधात संत्रा.

"एक घासा, अन् फिरव. दुसरा नाही."

खर्रर्र. फिरव. खर्रर्र. फिरव.

"आपल्याले फक्त रंग पाह्यजे. वास रंगात असते. खाली कडू."

खर्रर्र. आवाज असा की माचिसची काडी ओढली अन् पेटली नाही. अन् दरवेळी एक बारीक फवारा उडे, दिसे नाही, पण ओठावर बसे, डोळ्यात झोंबे. परातीत केशरी चुरा पडे, ओलसर, जसं कोणी पेन्सिलीले टोक केलं अन् ती पेन्सिल संत्र्याची होती. अन् मंग संत्र्याच्या अंगावर जरासा फिका ठिपका दिसला, की बाबा ओठ घट्ट मिटत. कचेरीत शिक्का मारताना मिटत तसे. घटकाभर तसेच. मंग म्हणत,

"पुरे. पांढरं लागलं."

तो "पुरे" मी तुमाले लिहून नाही दाखवू शकत. बाकी सगळे आवाज लिहिता येतात. मारेगावचा कंडक्टर "ए चला वणी वणी वणी, मागं सरका बाप्पा, मागं काय खड्डा हाय?" हा पाहा, लिहिला. बाबाईचा "पुरे" नाही लिहिता येत. आधी ती चुप्पी, मंग "पु" जड, पोटातून आलेला, अन् "रे" कुठी ठेवून दिल्यासारखा, अल्लद.

मंग तो चुरा साखरेत चोळाचा. हे काम माहं. बोटाच्या शेंड्यानं, तळहात लावाचा नाही. चोळता चोळता साखर ओली होत जाय, रंग धरे, अन् वास असा उठे की आई बाहेरून म्हणे, "झालं का बापलेकाचं?" रवा भाजून, दूध-पाणी टाकून, शिरा वाफले आला की बाबा गॅस बंद करत अन् मंगच ती साखर टाकत. आचेवर टाकली की वास पळते म्हणत. झाकण ठेवत. त्या झाकणाभोवती आम्ही तिघं बसो. कोणी बोलाचं नाही. मले सगळ्यात लांब वाटलेला काळ म्हणजे त्या झाकणाचा. अन् आता वाटते, तोच किती लवकर सरला.

सोमवारी शाळेत माह्या बोटाले वास राहे. पोट्टे रांग लावत. मी म्हणो, "एका हुंगण्याले एक गणित." अन् माहा गृहपाठ प्रार्थनेच्या आधी पुरा.

एकदा बाबा चुरा होताना उठून दारात गेले, कोणी साहेब हाक मारत आलता म्हणून. मी नऊ वर्षांचा. मले वाटलं, आपण एकट्यानं जास्त काढून दाखवू. खर्रर्र, खर्रर्र, खर्रर्र, तीन संत्रे पांढऱ्यापर्यंत, एकाचा तर रस गळाले लागला. सगळं साखरेत चोळून मोकळा. शिरा असा झाला की कडूलिंबानं माफी मागावी. आईनं एक घास घेतला अन् ताट सरकवलं. मी खाली पाहून राह्यलो. बाबाईनं पूर्ण ताट संपवलं. बोट बी चाटलं. मंग आईले म्हणाले, "त्याले नको बोलू. मी 'पुरे' म्हणालो नाही. माही चुकी."

हे वाक्य मी तेव्हा विसरून गेलतो. आता ते मले झोपू देत नाही.

बाबाईची नक्कल म्हणजे माहा हुकमी एक्का. आर्णीले आलो तवा मी आठवीत. गॅदरिंगमधी अर्धा तास मी एकटा स्टेजवर, अन् शेवटी बाबा. ओठ मिटाचे, चष्मा कपाळावर, "पुरे. पांढरं लागलं." गावाले काय माहीत संत्र्याचं, पण हसून हसून बेजार. बाबा दुसऱ्या ओळीत. घरी येताना गाडीवर मागं बसलो तर म्हणाले, "मी नाकात नाही बोलत." मी त्याहीच्याच आवाजात म्हणालो, "मी नाकात नाही बोलत." गाडी हलली इतके हसले. मंग सवयच झाली. पाहुणे आले की, "साहेबाचं कर बे." मी किराणावाल्याले त्याहीच्या आवाजात फोन लावून बिस्किटं मागवो. बाबा दरवेळी काही ना काही दुरुस्त करत. "इतका घाई नाही करत मी." "खोकतो कुठी मी मधात?" अन् मी मुद्दाम आणखी खोको.

मंग मागचा पोळा आला, अन् बाबाईचं बोलणं गेलं. कसं, काय, ते दवाखान्याच्या कागदावर लिहून हाय. मले त्या दिवसाचं एवढंच आठवते की दारातून बैलाईच्या घुंगराचा आवाज येत होता अन् बाबाईचं तोंड उघडं होतं, अन् त्यातून काही येत नव्हतं.

घरी आणलं तवा माणसं याले लागली. कचेरीतले, गल्लीतले, आईच्या माहेरचे. येत, बाबाईसमोर बसत, अन् काय बोलावं म्हणून पंख्याकडे पाहत. ते मले पाहवे ना. एक दिवस एका काकानं विचारलं, "काय साहेब, कसं काय?" अन् माह्या तोंडून निघून गेलं, बाबाईच्या आवाजात, "बरं हाय. तुमचं सांगा. चहा घेसान?" काका दचकला. मंग हसला. आई हसली. बाबा बी हसले, अर्ध्या तोंडानं.

घरात बाबाईचा आवाज आला होता. मले काय पाह्यजे होतं दुसरं?

मंग मी थांबलोच नाही. कोणी काही विचारलं की खुर्चीमागं उभा राहून मी बाबा. "जेवलो." "झोप लागते." "पोट्टं लय काम करते आजकाल." माणसं जाताना म्हणत, वा रे वा, साहेब भेटल्यासारखं वाटलं. फोनवर बी मीच. सुरुवातीले बाबा तोंड उघडून पाहत, ओठ हलवत. पण त्याहीले वेळ लागे, अन् मले चुप्पी सोसत नाही, लहानपणापासून नाही. ते "ज" ले येईपर्यंत माहं जेवण होऊन हात धुणं झालेलं राहे. मंग हळूहळू त्याहीनं तोंड उघडणं बंद केलं. कोणी विचारलं की ते मान वळवून माह्याकडे पाहत. मी समजलो, बाबाईले माहा अभिमान हाय.

गेल्या महिन्यात यवतमाळले बोलणं शिकवणाऱ्या डॉक्टरीणबाईकडे नेलं. तिनं खुर्ची पुढं ओढली, बाबाईचा हात धरला, अन् म्हणाली, "काका, मुलाला काय म्हणून हाक मारता?" अन् मी मागून, सवयीनं, बाबाईच्या आवाजात, "पोट्ट्या!"

ती हसली नाही. पेन खाली ठेवला.

"हे किती दिवसांपासून करतोस?"

"पोळ्यापासून," मी म्हणालो. म्हणजे मी माह्या आवाजात म्हणालो, अन् तो मले ओळखीचा नाही वाटला.

"रोज?"

"लोकाईले बरं वाटते. घरी बी..."

"अरे, पण मग त्यांनी बोलायचं कधी?" ती एवढंच म्हणाली. जराशानं म्हणाली, "आणखी दोन-तीन महिने जोर लावू. पुढं कठीण होत जाईल. घरी जुन्या सवयीच्या गोष्टी समोर ठेवा. वाट बघा. आणि तू गप्प राहा."

परतीच्या एस.टी.त कंडक्टर असा नग होता की एरवी मी त्याले आर्णी येईपर्यंत पाठ केलं असतं. मी खिडकीतून तुरीचे खुंट पाहत आलो. बाजूले बाबा. त्याहीचं डोकं माह्या खांद्यावर येऊन पडलं, झोपेत. मी चोर, अन् ज्याचं चोरलं तो माह्याच खांद्यावर झोपून.

त्या दिवसापासून मी गप हाय. म्हणजे गरजेपुरतं, माह्याच आवाजात. घर इतकं शांत झालं की फ्रिज सुरू झाला तर आई दचकते. परवा पत्रा सापडला त्या दुपारी मी स्वयंपाकघरात उभा होतो अन् मले भीती वाटली, बाबाईचा "पुरे" विसरलो तर? म्हणून हळूच, फक्त माह्यापुरता, म्हणून पाह्यला. "पुरे. पांढरं लागलं."

आई पोळ्या लाटून राह्यली होती. लाटणं थांबलं. "ते असे नव्हते म्हणत."

"मंग कसे म्हणत?"

"असं नाकात नाही. हे तुहं हाय, स्टेजवरचं." तिनं सांगाले तोंड उघडलं. तसंच राह्यलं. मंग लाटणं धरून माह्याकडे पाहून राह्यली, अन् तिचे डोळे भरून आले. "आता मले बी तुहंच ऐकू येते रे."

मी मोबाईल काढला. दोन वर्षाआधीचा, आर्णीतल्या शेवटच्या शिऱ्याचा, एक व्हिडिओ होता, बाबा संत्रा किसताना. बाबाईचा फोटो घराघरात, ग्रुपाग्रुपात हाय, आवाज कुठीच नाही. फोन कानाले लावला की दोन वाक्यात ठेवून देणारा माणूस. हा एकच व्हिडिओ. कानात वायर घालून मी मोरीच्या उंबऱ्यावर बसलो. परात दिसते. हात दिसतात, दोन्ही चालणारे. खर्रर्र ऐकू येते. अन् त्याच्यावर, पहिल्यापासून शेवटपर्यंत, मी. बाबाईच्या आवाजात, क्रिकेटची कॉमेंट्री केल्यासारखा. "अन् साहेबाईनं संत्रा फिरवला!" मी नाकात. मी खोकत. शेवटी बाबा मान वर करतात, कॅमेऱ्याकडे पाहतात, ओठ मिटतात, अन् काहीतरी म्हणतात. हसत म्हणतात. त्याच घटकेले मी ओरडतो, "पुरे! पांढरं लागलं!" अन् व्हिडिओ संपते.

मी तो किती वेळा पाह्यला, सांगत नाही. आवाज वाढवला, कमी केला, एका कानानं ऐकला. बाबाईचे ओठ हलतात. खाली काय हाय ते मी झाकून टाकलं. किसता किसता पार आतपर्यंत गेलो, अन् कोणी थांबवलं नाही मले.

काल बाजारात गेलो. मृगाचा संत्रा आला हाय. नखानं ओरखडा दिला, हुंगलं. आर्णीले आल्यापासून बाबा जिच्यापासून घेत, बाई तीच. "साहेब दिसत नाही आजकाल. बरे हायेत ना?" बाबाईचा आवाज जिभेच्या टोकावर येऊन उभा होता, "बरा हाय बाई," म्हणून टाकाले तयार. मी माह्या आवाजात म्हणालो, "बरे हायेत." माह्या आवाजात खोटं बोलाले लय जड जाते. तिनं एक संत्रा वरून टाकला.

ओलं फडकं. माठ. चिंच-मिठानं पत्रा घासला, आतून चमक निघाली. आज सकाळी बाबाईची खुर्ची मी स्वयंपाकघराच्या दारात ओढली, पुढ्यात पाट टाकला, परात ठेवली. आईले म्हणालो, "तू पाहुणी." ती बाहेर जाऊन ओसरीवर बसली, पण पाठ भिंतीले नव्हती लावली.

खर्रर्र. फिरव.

वास आला. भल्ला वास आला, तसाच, एकदम, जसा इतके दिवस पत्र्याच्या भोकात दम धरून बसला होता. ओठावर बसला. बाबाईची नाकपुडी हलली, मी पाह्यलं. ते पुढं झुकले. डावा हात खुर्चीच्या दांडीवर.

फिका ठिपका दिसला.

मी थांबलो नाही. आणखी एक घासा. त्याच जागी. दुसरा नाही म्हणत ना बाबा? हा पाहा दुसरा. हा तिसरा. म्हणा ना. पांढरं परातीत पडाले लागलं, केशरी चुऱ्यावर, खोबऱ्यासारखं. मी खाली मान घालून किसत होतो, वर पाहाची हिंमत नव्हती. पांढरं फाटलं. रस मनगटावरून कोपरापर्यंत गेला. बोटाचं हाड पत्र्याले लागलं अन् रसानं असं झोंबलं की माह्या घशात दहा जणाईच्या बोंबा एकदम आल्या, हेडसरची, कंडक्टरची, सगळ्याईची. मी एकही सोडली नाही.

मंग दांडीवर हात आपटला. धप्प.

वर पाह्यलं. बाबाईचे डोळे लाल. राग होता. इतक्या महिन्यात पहिल्यांदा पाह्यला मी तो राग, अन् जीव असा थंड झाला की विचारू नका. त्याहीनं परातीकडे पाह्यलं, माह्या हातातल्या त्या सोललेल्या, गळणाऱ्या संत्र्याकडे पाह्यलं. अन् ओठ मिटले. घट्ट. शिक्का उचलल्यासारखे. उजवीकडची कड जराशी उघडी राह्यली, तिथून लाळ आली, तरी मिटून राह्यले.

मी वाट पाह्यली. बाहेर आईची बांगडी वाजली नाही. माह्या तोंडात तो पूर्ण शब्द येऊन बसला होता, गरम, नाकातला, स्टेजवरचा, एक सेकंद लागला नसता.

बाबाईचे ओठ सुटले. फक् करून 'पु'ची नुसती हवा आली. आवाज नव्हता. परातीच्या काठावरचा केशरी चुरा जरासा हलला, दोन-तीन कण माह्या हाताले येऊन चिकटले. मंग काही नाही. बाबा दमून मागं टेकले.

पुढचं अक्षर मी गिळलं. पिशवीत हात घातला, दुसरा संत्रा काढला, अन् फिका ठिपका येईपर्यंत किसत गेलो.